मालेगाव रोडचा तीस फुटी रस्ता

या पानावरचे अनुभव मी नेहमी वाचतो, पण खरं सांगू का — हसण्यासाठी. चकवा, हडळ, पांढरी साडी... सकाळच्या चहाबरोबर बायकोला मोठ्यानं वाचून दाखवायचो आणि दोघंही हसायचो. उभा जन्म मी नकाशे काढण्यात घालवला. ड्राफ्ट्समन होतो, एका खाजगी इंजिनिअरच्या ऑफिसात. माझ्यासाठी जमीन म्हणजे लांबी आणि रुंदी. ज्याला टेप लावता येत नाही ते नसतं, इतकं सोपं.

आज लिहायला बसलोय ते कुणाला घाबरवायला नाही. मला राग आलाय. कित्येक महिने झाले, रोज येतोय. त्यातला अर्धा नांदेडच्या ट्रॅफिकवर आहे. उरलेला कुणावर, ते वाचता वाचता कळेल.

मी मूळचा भोकरकडचा. नांदेडला आलो तेव्हा मालेगाव रोडला तरोडा नाका ओलांडला की शेतंच लागायची. ज्वारी, कापूस, मध्येच एखादी विहीर. आता तिथं काय आहे ते नांदेडकरांना सांगायला नको. लॉन्स, मंगल कार्यालयं, शोरूम, क्लासेस. एकाला एक चिकटून. पार्किंग कुणालाच नाही. म्हणजे कागदावर आहे — त्यातली बरीच मीच काढलीत, छान पिवळ्या पट्ट्यांसकट — जमिनीवर नाही. पाहुणे गाड्या रोडवर लावतात. त्यांच्या पुढे ऑटो उभे. त्यांच्यापुढे फळांचे गाडे. उरलेल्या बोळातून अर्धापूरकडचे केळीचे ट्रक, स्कूल व्हॅन, ट्रॅव्हल्स आणि आपण. आणि सगळे हॉर्न वाजवून राहिले! पुढचा काय हौसेनं उभा आहे का? त्याला काय पंख फुटणार आहेत?

असो. झालं ते सांगतो.

मे महिना. मंगळवार, लग्नाची दाट तीथ. सकाळी पावणेअकराच्या सुमारास मीना — माझी बायको — ओट्यापाशी गवारीच्या शेंगा मोडत होती. मी पेपर वाचत होतो. ती म्हणाली, "अहो, डावा हात कसातरीच होतोय." मी मान वर केली तर तिचा ब्लाउज घामानं चिंब. चेहरा राखेसारखा. पुढच्या मिनिटाला ती खाली बसली आणि छातीवर मूठ दाबून धरली.

अँब्युलन्सला फोन केला. ड्रायव्हर म्हणाला, "काका, मी मालेगाव रोडलाच अडकून पडलोय. पाऊण तास तरी पकडा." पाऊण तास!

मागच्या गल्लीत सिद्धार्थ राहतो. ऑटो चालवतो, तिशी ओलांडलेला, शांत माणूस. त्याची आई कौसाबाई अंगणवाडीत मदतनीस होती, आता घरीच असते... असायची. मी नुसती हाक मारली तर सिद्धार्थ जेवणाच्या ताटावरून तसाच उठून आला. हात धुतला नाही त्यानं. मीनाला आम्ही दोघांनी उचलून मागच्या सीटवर घेतलं. कौसाबाई मागून ओरडत होत्या, "सिद्धू, हळू न्हाई जायचं आज. दामटून घे!"

दामटणार कुठं? कॉलनीच्या कोपऱ्यावरून मालेगाव रोडला लागलो आणि शंभर पावलांवर ठप्प. पुढे एका लॉन्समध्ये लग्न. वरात आलेली, नवरदेव घोड्यावर, बँडवाले भर रस्त्यात गोल करून उभे. वऱ्हाडी नाचत होते. मी खाली उतरून हात जोडले. म्हटलं, पेशंट आहे, बायकोचा जीव जातोय. फेटा बांधलेला एकजण म्हणाला, "पाच मिनिटं काका, वरमाईचा डान्स होऊ द्या." मी ती पाच मिनिटं अजून विसरलेलो नाही. तो माणूस कधी भेटला तर मी त्याला मारणार आहे. हे वय झाल्यावर मी असं लिहितोय, लिहू द्या.

परत ऑटोत बसलो. मीना बोलत नव्हती. माझं मनगट तिनं धरलं होतं, ती पकड सैल होत चालली होती. मुलाला पुण्याला फोन लावला. त्या फोनची वेळ मोबाईलमध्ये आहे, अकरा वीस. पुढे हलायला जागा नाही, मागे वळायला नाही. सिद्धार्थ मान काढून डावीउजवीकडं बघत होता.

आणि तो म्हणाला, "काका, हा रस्ता कुठं निघतो?"

मी डावीकडं पाहिलं. दोन कंपाउंडच्या मधून एक रस्ता आत जात होता. डांबरी, रिकामा.

"कॅनॉल रोडला," मी म्हणालो. विचार न करता, कुणी आपलं नाव विचारावं आणि आपण सांगावं तसं.

"घालू?"

"घाल."

त्यानं ऑटो आत घातला. हॉर्नचा, बँडचा आवाज मागे कमी होत जायला हवा होता. तसं झालं नाही. तो एकदम बंद झाला. फक्त ऑटोचं इंजिन ऐकू येत होतं. दोन्ही बाजूंना बैठी घरं, फाटकं. उजव्या हाताला झाडं, सारख्या अंतरावर लावलेली. एका फाटकापुढे एक बाई अंगण झाडत होती. आम्हाला पाहून तिनं खराटा बाजूला घेतला आणि वाट दिली. ओळखीचं माणूस जातंय तसं सहज. वारा थंड होता. मे महिन्यात, सव्वाअकरा-साडेअकराला, नांदेडात!

मी झाडं मोजत होतो. का मोजतोय ते मला कळत नव्हतं. एक, दोन, तीन, चार... पाचव्या झाडाच्या जागी विजेचा खांब होता. मग पुन्हा झाड. तेव्हा मी मोजायचा थांबलो. कारण तिथं खांब येतो म्हणून पाचवं झाड मीच गाळलं होतं.

समजलं का तुम्हाला? तो रस्ता मी काढलेला होता. कागदावर.

पंधरा-सोळा वर्षांपूर्वी तिथली शेतं प्लॉटिंगला निघाली. मूळ ले-आऊट आमच्या ऑफिसात झाला. मालेगाव रोडपासून मागच्या कॅनॉल रोडपर्यंत आरपार तीस फुटी रस्ता, बाजूला झाडं. मी शाईनं काढला होता तो, ट्रेसिंग पेपरवर. मग जमीन दुसऱ्या बिल्डरकडं गेली. त्याला तिथं लॉन्स पाहिजे होतं, अख्खं, सलग. साहेबांनी ट्रेसिंग माझ्यापुढे टाकलं आणि म्हणाले, "हा रस्ता काढून टाक." शाई ब्लेडनं खरवडून काढावी लागते, हलक्या हातानं, नाहीतर कागद फाटतो. माझा हात चांगला होता. अर्ध्या तासात रस्ता गेला. झाडंही गेली. पुढे त्याला मंजुरी कशी मिळाली, शिक्के कुठून आले, मी विचारलं नाही. मला वाटलं एकच तर रस्ता आहे, शहरात कमी रस्ते आहेत का?

तो रस्ता जमिनीवर कधी झालाच नाही. एक दिवससुद्धा नाही. जुनी वाट असती तर म्हटलं असतं बाबा, जुन्या काळातलं काही दिसलं. ही घरं कुणी बांधली नाहीत. ही झाडं कुणी लावली नाहीत. आणि आम्ही तिथून ऑटोनं गेलो!

समोर कॅनॉल रोड लागला. तिथून मोकळं होतं. हॉस्पिटलच्या पावतीवर वेळ आहे अकरा एकतीस. दारात स्ट्रेचरवर घेतानाच मीनाचं हृदय बंद पडलं. तिथंच शॉक दिला. दुसऱ्या शॉकला परत आली. डॉक्टर संध्याकाळी म्हणाले, "रस्त्यात झालं असतं तर काही करता आलं नसतं. कुठून आणलंत इतक्या लवकर?"

मी पावतीची घडी करून खिशात ठेवली.

चौथ्या दिवशी मी एकटा मालेगाव रोडला गेलो. जिथून वळलो तिथं लॉन्सची भिंत. बारा फूट उंच, वर मोर रंगवलेले. मध्ये मोठं लोखंडी गेट, बंद. मला ठाऊकच होतं. तरी हात लावून पाहिला.

मीना घरी आली. कौसाबाई रोज यायच्या, कधी भाकरी घेऊन, कधी नुसत्याच. दमेकरी होत्या, दोन घरं चालून आल्या की दाराशी बसून आधी धाप टाकायच्या. एकदा मीनानं त्यांना सांगितलं, "बाई, मला झाडं दिसली हो. डोळे मिटलेले असून दिसली. आणि गार वारा." मी म्हणालो, "काहीतरी अमानवीच होतं ते." तर त्या माझ्यावरच डाफरल्या. "भूत-बित काय न्हाई गुरुजी. बावीस प्रतिज्ञा घेतलेलं घर हाय आमचं, असलं चालत न्हाई. रस्ता असंलच तिथं. तुमचं ध्यान नसंल." मी शिक्षक नाही, पण कागदपेन्सिल हातात असायची म्हणून त्या मला गुरुजी म्हणायच्या. मुलाचा त्यांना फार अभिमान वाटायचा. "आमच्या सिद्धूनं हुडकला म्हना रस्ता," असं गल्लीभर सांगायच्या.

सिद्धार्थ मात्र विचारात पडला होता. रोज त्याच रोडला धंदा करणारा माणूस तो. एका संध्याकाळी आला आणि म्हणाला, "काका, मी बघून आलो. तिथं लॉन्सचं गेट हाय. त्या दिवशी लग्नासाठी उघडं असंल अन् आपण आतून निघालो असू पलीकडं. हाव ना?"

आता ही ओळ नीट वाचा, कारण सगळं इथंच आहे. मला माहीत होतं की त्या गेटमधून पलीकडं निघता येत नाही. त्या लॉन्सचा नकाशा माझा होता. मागे सलग भिंत आहे, किचन आहे. पण खरं सांगायचं तर रस्ता कुणी खरवडला तेही सांगावं लागलं असतं. ज्यानं माझ्या बायकोला वाचवलं त्याच्यासमोर.

मी म्हणालो, "हो रे. तसंच असणार."

त्याच्या चेहऱ्यावर बरं वाटल्यासारखं दिसलं. तो चहा पिऊन गेला.

ऑगस्टमध्ये, शाळा सुटायच्या वेळी, कौसाबाईंना दम्याचा ॲटॅक आला. पंप मारूनही उतरेना, ओठ निळे पडले. मी त्या दिवशी मीनाला तपासणीसाठी लातूरला घेऊन गेलो होतो, तिथं तिच्या बहिणीकडं मुक्काम होता. म्हणून हे सगळं मला नंतर कळलं. सिद्धार्थनं आईला ऑटोत घातलं, शेजारच्या बाईला सोबत घेतलं. मालेगाव रोडला आला तर पुन्हा तेच. या वेळी लग्न नव्हतं, वाढदिवस होता. कुण्या भावी नेत्याचा. रस्त्यात डीजेचा ट्रक, जेसीबीतून फुलं उधळणं चाललेलं. मोटारसायकलींची रांग. स्कूल व्हॅनमधली पोरं कानात बोटं घालून बसलेली.

शेजारची बाई म्हणाली, उलटं घे, कॉलनीतून मागे काढ, लांब पडलं तरी चालंल. मागे तेव्हा जागा होती. सिद्धार्थ म्हणाला, "न्हाई, मला जवळचा रस्ता ठाव हाय."

त्यानं ऑटो लॉन्सच्या गेटशी नेला. गेटवर थापा मारल्या. वॉचमन उघडेना. सिद्धार्थनं दगड घेऊन गेट बडवलं. तोवर मागे गाड्या दाटल्या. वॉचमननं शिव्या देत शेवटी गेट उघडलं. हा ऑटो घेऊन आत सुसाट. आत पार्किंग, मग स्टेज, मग किचन, मग भिंत. त्यानं भिंतीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत धावत जाऊन दार शोधलं. म्हणे, कुठंतरी असंलच. परत फिरला तर गेटबाहेर गाड्यांची भिंत. कुणी हलेना. दोघंतिघं मोबाईलवर व्हिडिओ काढत होते.

कौसाबाई तिथंच गेल्या. स्टेजसमोर, ऑटोत, शेजारणीच्या मांडीवर.

लातूरहून आलो तेव्हा अंत्यविधी झाला होता. पुण्यानुमोदनाच्या कार्यक्रमाला गेलो, मागच्या रांगेत बसलो. सिद्धार्थ माझ्याकडं बघत नव्हता. तिसऱ्या दिवशी तो घरी आला. बसला नाही. दारातच उभा.

"काका, एक विचारतो. तवा आपून गेटातूनच गेलतो ना?"

मीना आतून ऐकत होती. मी "नाही" म्हणालो. मग सगळं सांगितलं. ट्रेसिंग, ब्लेड, पाचवं झाड, खांब. सांगताना मला वाटत होतं की तो विचारेल, नसलेला रस्ता दिसला कसा? मला वाटत होतं तो मारेल.

त्यानं एकच विचारलं. "मंग तवा हाव कामून म्हनले?"

मी दाराची कडी धरून उभा राहिलो.

"वीस मिंटं मी तिथं दार हुडकून राहिलो, काका. वीस मिंटं! उलटा फिरलो असतो तर पोचलो असतो. माय म्हनत होती, सिद्धू, मागं घे. तिला बोलता येईना, हातानं दाखवत होती. अन् मी तिला म्हनलं, गुरुजींनी सांगितलंय मला."

मीना आतून बाहेर आली आणि भिंतीला धरून उभी राहिली. आमच्या लग्नाला अडतीस वर्षं झाली, तिनं माझ्याकडं त्या दिवशी पाहिलं तसं कधी पाहिलं नव्हतं. ती सिद्धार्थला म्हणाली, "यांना घेऊन जा. जे लिहून पाहिजे ते लिहून घे."

आम्ही त्याच्या ओळखीच्या एका वकीलबाईंकडं गेलो. तरुण आहेत, पण कामात चोख. माझ्याकडं मूळ ले-आऊटची एक अमोनिया प्रिंट, म्हणजे खरवडण्याआधी ट्रेसिंगवरून काढलेली प्रत, निघाली, जुन्या कागदांच्या सुरळीत. निळी पडलेली, पण रस्ता स्वच्छ दिसतो. ती पाहून बाई खुर्चीतून पुढे सरकल्या. म्हणाल्या, याच्यावर केस उभी राहू शकते. प्रतिज्ञापत्र करायचं ठरलं. मी सांगत होतो, त्या लिहीत होत्या. एक — मूळ नकाशात तीस फुटी आरपार रस्ता होता. दोन — तो रस्ता मी साहेबांच्या सांगण्यावरून माझ्या हातानं खरवडून काढला. तीन...

तिसऱ्याला बाई थांबल्या. पेन खाली ठेवलं.

"हे नाही लिहिता येणार, काका."

सिद्धार्थ म्हणाला, "लिहा ना मॅडम. मीबी होतो. मीच चालवत होतो."

"मला तुमचं खरं वाटतंय की नाही हा प्रश्न नाही," त्या म्हणाल्या. "समोरचा वकील हे एकच वाक्य मोठ्यानं वाचेल. सगळं कोर्ट हसेल. मग पहिले दोन मुद्देपण वेड्याचे ठरतील. तुम्हाला भिंत पाडायचीय का हे सांगायचंय, ठरवा."

सिद्धार्थनं टेबलावरची निळी प्रिंट आपल्याकडं ओढून पाहिली. मग म्हणाला, "भिंत."

बाईंनी तिसऱ्या मुद्द्यावर रेघ मारली.

केस चालू आहे. साहेबांचा मुलगा एकदा घरी येऊन गेला, या वयात कशाला हे, वगैरे. मीनानं त्याला पाणीसुद्धा विचारलं नाही. ती माझ्याशी गरजेपुरतं बोलते. सिद्धार्थ तारखेला मला ऑटोतून कोर्टात नेतो, आणतो. आता काका म्हणत नाही, नुसतं "चला" म्हणतो. भिंत तिथंच आहे. मालेगाव रोड काल पण जाम होता, आज पण असेल.

लोक मला म्हणतात, तुमची पुण्याई. हा शब्द ऐकला की माझं डोकं फिरतं. कसली पुण्याई? ज्यानं रस्ता खाल्ला त्याच्यासाठी तो उघडावा, आणि जी बाई "रस्ता असंलच तिथं" म्हणत होती तिच्यासाठी भिंतच राहावी? हा कुठला न्याय? जे काही होतं ते — देव म्हणा, भास म्हणा, काहीही म्हणा — त्याला हे विचारायचंय मला. पण विचारायचं कुणाला? तुमच्यापैकी कुणाला याचा उलगडा होत असेल तर सांगा. मला झालेला नाही. होईल असं वाटतही नाही.

कोर्टात चालणार नाही म्हणून तो तिसरा मुद्दा मी इथं लिहितो, तारीख आणि सही सोडून जसाच्या तसा.

तीन — सदर रस्ता प्रत्यक्ष जागेवर कधीही अस्तित्वात नव्हता. सदर रस्त्यावरून मी, माझी पत्नी व ऑटोचालक असे तिघे दिवसाढवळ्या गेलो आहोत.